हाकलल्याची साक्ष

हार्डवेअरवाला स्वतःच्या पायांनी लाँड्रीत आला आणि वर तोंड भरून "वहिनी" म्हणाला, तेव्हाच लाँड्रीवालीनं ओळखलं, अडला हरी गाढवाचे पाय धरायला आलाय. एरवी हा माणूस तिला "ए बाई" याच्या पुढे कधी गेला नव्हता. म्हणीतलं गाढव आपण ठरतोय, याचंही तिला काही वाटलं नाही.

भानगड होती त्याचं दुकान आणि तिची लाँड्री यांच्या मधल्या मोकळ्या जागेची. कागदावर ती त्याच्या धाकट्या बहिणीची, वडिलांनीच दिलेली. बहीण परगावी राहायची, म्हणून हा म्हणत होता की ताबा वर्षानुवर्षं माझाच, तर जागाही माझीच. पण वकिलानं त्याला बजावलं होतं, "नुसतं कुंपण दाखवून भागणार नाही. जागा माझी म्हणून तुम्ही उघडउघड कुणाला तरी बाहेर काढलं असेल, तर ते माणूस आणा." गल्लीत यानं भांडण उकरलं नाही असं घर नव्हतं, पण त्या जागेतून हाकललेली ही एकटीच.

"जे झालं ते जसंच्या तसं सांगायचं," तो म्हणाला. "मी दोऱ्या कापल्या, चादरी चिखलात तुडवल्या. शिव्यासुद्धा सांगा. लाजू नका."

"मी कशाला लाजू?" तिनं इस्त्री उभी करून ठेवली.

विसरणार होती थोडीच! लॉजच्या पांढऱ्याशुभ्र चादरी त्या जागेत वाळत होत्या. दोऱ्या कापून हा मेला बुटांनिशी त्यांच्यावर नाचला होता. तिचा नवरा म्हणजे गरीब गाय. आधी याच्या पाया पडला, मग एकेक चादर चिखलातून गोळा करत बसला. लॉजचं काम गेलं. ते गेलं तर गेलं, खड्ड्यात जाऊ दे. पण नवरा मरेपर्यंत गल्लीतून मान वर करून चालला नाही. तेव्हापासून तिला एकच हवं होतं, याचं नाव घेऊन हे सगळं चारचौघांत सांगायचं. आणि आज हाच ते ताटात वाढून घेऊन आला होता.

"येते," ती म्हणाली.

तारखेपर्यंत इस्त्री करता करता ती साक्ष मनात घोळवत राहिली. घोळवता घोळवता तिच्या डोक्यात प्रकाश पडला. आपण जितकं खरं बोलू, तितकी ती जागा याच्या घशात जाणार! नवऱ्याच्या अपमानावर हा मालक होणार! तिच्या अंगाचा तिळपापड झाला.

कोर्टात गल्लीतली निम्मी माणसं दाटीवाटीनं बसली होती. वकिलानं विचारलं, "यांनी तुम्हाला त्या जागेतून हाकललं होतं ना?"

सगळं तिच्या जिभेवर तयार होतं. ते तिनं गिळलं, आणि गिळताना तिला रडू आलं.

"नाही हो. मला कधी कुणी काही म्हटलं नाही."

वकील गडबडला. "दोऱ्या कापल्या नव्हत्या?"

"छे! देवमाणूस आहे बिचारा."

मागे कुणीतरी खोकल्याचं सोंग करून हसलं. बहिणीच्या वकिलानं एवढंच विचारलं, की तिथे कपडे कुणाच्या परवानगीनं वाळत घालत होता?

"धाकट्या ताईंच्या," ती म्हणाली. हे मात्र शंभर टक्के खरं होतं.

बाहेर पायऱ्यांवर हार्डवेअरवाल्यानं तिला गाठलं. 'वहिनी' कधीच हवेत विरली होती. "खोटारडे! मी दोऱ्या कापल्या नाहीत?"

"कुठल्या दोऱ्या?"

"चादरींच्या! या पायांनी तुडवल्या मी चादरी! तुझा नवरा माझ्या पायांवर लोळत होता! अख्ख्या गल्लीनं पाहिलंय!" त्यानं आशेनं सगळ्यांकडे पाहिलं. त्या दिवशी गल्लीतलं कुणी पुढे आलं नव्हतं. आजही कुणी आलं नाही. सगळे नुसते त्याच्या तोंडाकडे बघत उभे राहिले.

तिनं मात्र मान वर केली आणि पदर खोचला.

"जरा मोठ्यानं सांगा, शेठ. मागच्यांना ऐकू आलं नाही."

आणि तो मूर्ख खरंच पुन्हा ओरडून सांगायला लागला.