विहिरीतली लांडगीण

वडूजच्या पलीकडच्या माळावर जैनुद्दीननं उमेदीच्या वयात वाघर लावून पुष्कळ ससे धरले होते. वाघर म्हणजे शिकारीचं सुताचं जाळं. पुढं वनखात्याचा धाक वाढला, तसं त्यानं ते सोडलं आणि वाघर कोंबड्यांच्या खुराड्यावर पडली.

गेल्या माघात माळालगतच्या धनाजीच्या शेतातल्या विहिरीत लांडगीण पडली. पायऱ्या मधूनच ढासळलेल्या, त्यामुळं तिला वर येता येईना. गार पाण्यात उभी राहून ती पार थकली होती. धनाजीची दोन करडं लांडग्यांनी नेली होती. तो दगड घेऊनच काठावर आला. वनरक्षक अंकितानं त्याला अडवून धरलं. साताऱ्याहून पथक यायला दुपार टळणार होती आणि लांडगिणीची मान तर आत्ताच पाण्याकडं झुकत होती. अंकितानं फोनवर साहेबांना विचारलं आणि जैनुद्दीनला वाघर घेऊन बोलावलं.

कमरेला दोर बांधून तो उतरला. माळावर लांडगा दिसायचा तो पाठमोरा, पळताना. इथं ती हातभर अंतरावर होती. मधाच्या रंगाचे डोळे. ती गुरगुरली नाही, नुसती बघत राहिली. त्यानं वाघर टाकून तिला गुंडाळलं, तेव्हा त्याचा हात तिच्या भरलेल्या आचळांना लागला. तो तसाच थांबला.

मान वर करून म्हणाला, "धनाजी, लेकुरवाळी हाय रं ही."

मग धनाजीनं दगड बाजूला ठेवला आणि दोर धरला.

बाजेवर बांधून तिला वर घेतलं. पाय शाबूत होते. तिथंच सोडा, असं साहेबांनी सांगितलं. सगळे लांब सरकले आणि जैनुद्दीननं गाठी सोडल्या. ती उठली, अंग झाडलं, पण पळाली नाही. वाळल्या कुसळांतून सावकाश चालत ओघळीपाशी गेली आणि बारीक कण्हल्यासारखा आवाज केला. बोराटीखालच्या बिळातून काळपट पिल्लं धडपडत बाहेर आली. लांडगीण आडवी झाली, तशी पिल्लं तिला बिलगली.

"माझ्या बांधाला?" धनाजी पुटपुटला. "हितं ऱ्हात हुती ही?"

त्या ओघळीवरून जैनुद्दीन जन्मभर गेला-आला होता. वाघरीतून जाणवलेली तिच्या काळजाची धडधड अजून तळहातात होती.

अंकितानं निघायची खूण केली. तरी बराच वेळ कुणाचं पाऊल उचललं नाही. दुसऱ्या दिवसापासून, पिल्लं बुजतील म्हणून, धनाजी मेंढपाळांना त्या अंगाला जाऊ देईना.