बेसिनमधला खाकरासुर

अद्वैतच्या शाळेच्या डायरीत तिसऱ्यांदा तोच शेरा आला, तेव्हा चेतनानं डायरी मिटून कणकेच्या परातीशेजारी आपटली. 'अद्वैत शर्टाच्या बाहीला नाक पुसतो. वर्गात मुद्दाम मोठ्यानं ढेकर देतो. कृपया घरी मॅनर्स शिकवा.' कृपया म्हणे! पहाटे पाचला उठून दोन डबे करायचे, पोराला रिक्षात कोंबायचं, कॉलेजच्या ऑफिसात दिवसभर अॅडमिशनचे फॉर्म तपासून मान मोडून घ्यायची, चार दिवसांनी येणारं पाणी भरायचं, आणि उरलेल्या वेळात मॅनर्स शिकवायचे. नवरा अनिमेष पुण्याला नोकरीला. शनिवारी यायचा, रविवारी मटार सोलून द्यायचा आणि सोमवारी सकाळच्या गाडीनं पसार. शेरा दाखवला की म्हणायचा, "अगं, लहान आहे तो, शिकेल हळूहळू."

बरं, दुसरीतलं पोर हे सगळं शिकलं कुणाकडून, हे काय तिला माहीत नव्हतं? गुरुकुल घरातच होतं की. सासरे वेणीमाधव, वय अठ्ठ्याहत्तर, सरकारी कचेरीतून हेडक्लार्क म्हणून निवृत्त. त्यांना सगळे अप्पा म्हणायचे. अप्पा स्वच्छतेला फार कडक. सकाळी उठून जीभ खरवडायची, मग घसा असा खाकरायचा की खालच्या मजल्यावरचं कुत्रं उठून भुंकायला लागायचं. एक नाकपुडी दाबून दुसरी साफ, मग दुसरी दाबून पहिली. जेवणानंतर बारा चुळा, मोजून, अकरावर थांबणं म्हणजे पाप. आणि शेवटी ढेकर. साधासुधा नव्हे, चांगला लांबलचक. मग छातीवर तीनदा मूठ आपटून "हरी हरी". त्यांच्या हिशेबी तो ढेकर म्हणजे स्वयंपाक करणारीला दिलेली शाबासकी. चेतना दहा वर्षं ती शाबासकी दात आवळून घेत होती.

सांगणार कोण? सासऱ्याला 'अप्पा, जरा हळू' म्हणायची त्या घरात रीत नव्हती. सासूबाई, प्रभाबाई, होत्या तेव्हा त्या तरी डोळे वटारायच्या. दोन वर्षांपूर्वी त्या गेल्या, आणि त्यानंतर म्हाताऱ्याला काही बोलायला चेतनाची जीभ उचलेना. प्रभाबाई रोज जेवताना दहीभाताचा शेवटचा घास नातवाला भरवायच्या. त्या गेल्यावर ते काम अप्पांनी मागून घेतलं. भात नीट मऊ करायचा, मिठाचा कण लावायचा, गोळा वळायचा आणि "चल रे, आजीचा घास" म्हणून पोराच्या तोंडाशी धरायचा. दिवसभर गप्प बसणारा माणूस त्या एका घासापुरता खुलायचा. म्हातारा जेवायला बसायचा तोच त्यासाठी, असं म्हटलं तरी चालेल.

तर सांगता येत नाही आणि सहनही होत नाही, तेव्हा बाईमाणूस काय करतं? चेतनानं राक्षस काढला.

संध्याकाळी साडेसातला ती पोळ्या लाटायची आणि अद्वैत ओट्यावर पाय हलवत बसायचा. "आपल्या बेसिनच्या पाइपात की नाही, एक खाकरासुर राहतो," तिनं सुरुवात केली. "शेंबडाची कोशिंबीर खातो. नखातल्या मळाची चटणी करतो, अगदी शेंगाचटणीसारखी, वरून तेल घालून."

"ईऽऽ!" अद्वैत आनंदानं किंचाळला. "आणि?"

"आणि कानातल्या मळाचे लाडू. बाहीला नाक पुसणारं पोर दिसलं की रात्री येऊन बाही चाटूनपुसून जातो. एकदा त्यानं ढेकर दिला, तर टेंभुर्णीच्या चौकात उभ्या असलेल्या सगळ्या ट्रकांचे टायर फुटले."

पोरगं हसून हसून ओट्यावरून पडायच्या बेताला आलं. दुसऱ्या दिवशी स्वतःहून रुमाल मागून घेतला. चेतनाला वाटलं, चला, सुटलो बाई एकदाचे! मग रोज साडेसातला खाकरासुर. पण रोज नवं आणायचं कुठून? ऑफिसातून येतानाच डोकं बधिर झालेलं असायचं. मग जे डोळ्यांसमोर होतं, तेच पोळीबरोबर लाटलं जायला लागलं. खाकरासुर बारा चुळा भरतो, मोजून. खाकरासुर एक नाकपुडी दाबतो. खाकरासुर ढेकर दिला की छातीवर तीनदा मूठ आपटतो आणि म्हणतो, हरी हरी. आपण काय करतोय हे तिला कळत नव्हतं, असं काही नाही. खोटं कशाला बोला? कळत होतं, आणि बरंही वाटत होतं. दहा वर्षांचं साचलेलं असं हसत हसत बाहेर पडत होतं.

डायरीतले शेरे थांबले. एकदा तर बाईंनी चांदणी काढून पाठवली.

जानेवारीत शाळेत आजी-आजोबा दिवस होता. अप्पांनी आदल्या दिवशीच शर्टाला इस्त्री करून ठेवली. चेतनानं अर्ध्या दिवसाची रजा टाकली. मंडपात पहिल्या रांगेत अप्पा, मागे ती. प्रत्येक मुलानं दोन मिनिटं आवडती गोष्ट सांगायची होती. अद्वैतकडून महिनाभर सिंह आणि उंदीर घोकून घेतलेला. पोर माइकसमोर उभं राहिलं, सिंहाचं एक वाक्य म्हटलं, पुढचं विसरलं, आणि खुशाल म्हणालं, "त्यापेक्षा मी खाकरासुराची सांगतो."

चेतनानं मागून हातानं 'नको, नको' अशी खूण केली. पण आता काय! अद्वैतनं नाकपुडी दाबली, माइकमध्ये घसा खाकरला, बारा चुळा मोजल्या, ढेकर दिला, छातीवर तीनदा मूठ आपटली. "हरी हरी!" अख्खा मंडप हसून लोळला. बाईसुद्धा पदर तोंडाला लावून हसत होत्या. अप्पांनीही टाळ्या वाजवल्या. चेतनाला वाटलं, नशीब, म्हाताऱ्याच्या लक्षात आलेलं दिसत नाही.

नंतर सगळ्यांना उप्पीट आणि चहा. अप्पांनी उप्पीट चाटूनपुसून संपवलं, चहा घेतला, आणि वर्षानुवर्षांच्या सवयीनं एक लांबलचक ढेकर दिला. मूठ तीनदा छातीवर गेली. "हरी हरी."

समोर बसलेली दुसरीची पोरं एकदम वळली. मग कुणीतरी बोट दाखवून ओरडलं, "खाकरासुर! अद्वैतचे आजोबा खाकरासुर!" झालं. चाळीस पोरं एका सुरात ओरडायला लागली. बाई "शांत बसा, शांत बसा" म्हणत धावल्या. अप्पा उभे राहिले, हसले, पोरांना हात जोडून नमस्कार केला. कागदी बशी हातात तशीच होती, ती कुठं टाकावी हे त्यांना सुचेना.

त्या दिवशी रात्री जेवणं होत आली, अप्पांनी दहीभात कालवला, मीठ लावलं, गोळा वळला. "चल रे, आजीचा घास."

अद्वैतनं ओठ घट्ट मिटले, मान फिरवली. "नको. तुमचा हात घाण आहे."

"अद्वैत!" चेतनाचा हात उठलाच. पण अप्पांनी मध्ये हात घातला. "राहू दे गं, मारू नको. पोट भरलं असेल." तो घास त्यांनी पानाच्या कडेला ठेवला आणि उठले. ज्या घरात शीतही पानात टाकत नसत, तिथं तो गोळा तसाच राहिला. बेसिनपाशी आवाज आला नाही. एकही चूळ नाही.

चेतनाला शरमेनं मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्या दिवसापासून तिनं खाकरासुर बंद केला. अद्वैतनं साडेसातला हट्ट केला की म्हणायची, "तो मेला. अभ्यास कर." पोराला समजावून झालं, रागावून झालं, आइस्क्रीमची लालूच दाखवून झाली, पण ते आजोबांच्या हातचं काही घेईना. अप्पाही मग "मला हल्ली लवकर भूक लागते" म्हणत सातलाच एकटे जेवून घ्यायला लागले. ढेकर नाही, हरी हरी नाही. दहा वर्षं जी शांतता तिला हवी होती, ती मिळाली, आणि त्या शांततेत तिला स्वतःचीच पोळी गिळवेना. अनिमेषला फोनवर सांगितलं, तर तो म्हणाला, "होईल नीट, तू टेन्शन घेऊ नकोस." टेन्शन न घ्यायला तिच्याकडे वेळ कुठं होता?

आठव्या दिवशी भांडी घासता घासता कामाची बजाबाई म्हणाली, "ताई, एक सांगू का? म्हातारबाबा वर गच्चीत टाकीपाशी जाऊन चुळा भरत्यात. तीन जिनं चढून. म्या म्हनलं, बाबा, हितं बेसिन हाय की. तर म्हनले, न्हाय, पोराला किळस येती."

चेतनानं गॅस बंद केला आणि होती तशी, कणकेच्या हातानं, जिना चढायला लागली. गुडघे दुखत होते, दिवसभराचा शीण पायांत उतरला होता. गच्चीवर जिन्यातल्या दिव्याचा थोडा उजेड होता. अप्पा तांब्या घेऊन टाकीजवळ वाकले होते, अगदी हळू, आवाज न करता चूळ टाकत होते. तिला बघून ते दचकले.

"अप्पा," ती म्हणाली. जिन्यानं दम लागलेला, त्यात रडू आलेलं. "तो राक्षस मी केला. तुमच्यावरूनच केला. तुमच्या तोंडावर बोलायची हिंमत नव्हती, म्हणून पोराच्या कानात घातलं. चुकलं माझं. मला माफ करा."

अप्पांनी तांब्या कट्ट्यावर ठेवला, तोंड पुसलं. "माहीत आहे की मला. पहिल्याच आठवड्यात कळलं. बारा चुळा भरणारा दुसरा राक्षस सोलापुरात आहे कोण?"

"मग बोलला का नाहीत? ओरडायचं तरी मला!"

"ओरडलो असतो तर तू गोष्ट बंद केली असतीस." ते टाकीला टेकून उभे राहिले. "प्रभा गेल्यापासून घरात माझ्याशी बोलणं म्हणजे गोळी घेतली का, पंखा बंद केला का, झालं. तुझा दोष नाही, तू दमतेस, दिसतं मला. पण साडेसातला अर्धा तास सगळं माझ्याबद्दलच चालायचं. पोरगं खिदळायचं, तू हसायचीस. मी टीव्हीचा आवाज बंद करून ऐकत बसायचो. कधी कधी सकाळी मुद्दाम जास्त खाकरायचो. म्हटलं, बिचारीला संध्याकाळसाठी काहीतरी नवं मिळेल."

चेतनानं तोंडावर हात धरला, कणकेचा.

"शाळेत पोरं ओरडली ते लागलं. घास घेतला नाही ते तर फारच लागलं, खोटं का बोलू? पण पोर आहे, आज नाही तर चार महिन्यांनी घेईल." अप्पांनी तांब्यातलं उरलेलं पाणी ओतून टाकलं. "तू गोष्ट बंद केलीस, ते नव्हतं करायचं बघ. आठ दिवस झाले, घरात माझं नावच निघत नाही."