छावणीतलं हसू

"हा माणूस कॅमेऱ्यामागे असेल, तर मी उभी राहणार नाही," लुमिनादा म्हणाली.

जपान्यांना हुसकावणाऱ्या लढाईनंतर मनिलातल्या या स्टुडिओचा हा पहिलाच सिनेमा. छपराचे पत्रे अजून गोळ्यांनी चाळण झालेले. मालक डॉन सेवेरो घाम पुसत पुढे झाले.

"पोरी, तुला पडद्यावर आणलं कोणी? यानंच ना?"

खरंच होतं ते. मुक्या सिनेमाच्या काळात, हाताने कॅमेरा फिरवता फिरवता मकारियोने गर्दीतल्या या पोरीचा चेहरा हेरला होता. तेव्हापासून ती त्याला आदराने 'मकारियोकाका' म्हणायची. आज मात्र थेट अरेतुरेवर आली होती.

"जपान्यांच्या प्रचारासाठी कैद्यांच्या छावणीत कॅमेरा लावलास तू. माझा भाऊ होता तिथं, नार्सिसो. सिगारेट ओढत हसत होता. हसायला कोणी सांगितलं त्याला?"

"मी."

"ऐका! तोंड वर करून सांगतोय!"

"हसला नसता, तर शिपायानं बंदुकीच्या दस्त्यानं ठेचला असता त्याला."

"म्हणून हसवलास? आईनं थेटरात ते पाहिलं. पोरगं खुशाल आहे म्हणून गल्लीभर सांगत सुटली. तोवर तो आमांशानं मेलाही होता! अजून दारात बसून असते. म्हणते, हसत होता की गं, मरेल कसा?"

छावणीत चित्रण चाललं होतं, त्या दिवशी दुसरा शिपाई बंदूक घेऊन मकारियोच्या घरी, त्याच्या बायकोमुलींपाशी बसून होता. हे त्याच्या ओठांवर आलं, पण त्याने ते गिळलं. मेलेल्याच्या बहिणीपुढे आपली जिवंत माणसं काय मांडायची?

तो कॅमेऱ्याकडे वळला आणि पुढचं भिंग फिरवून काढू लागला.

"कॅमेरा मालकांचा. भिंग माझं," तो म्हणाला. "यातूनच टिपलं त्याला. घे. फोड."

"अरे, वेडा झालास? असलं भिंग आता पैसे मोजूनही मिळायचं नाही!" डॉन सेवेरो ओरडले.

लुमिनादाने ते हिसकावलं आणि हात उगारला.

ते पाहायला मकारियो थांबला नाही; तो फाटकाकडे निघाला. वाटेत सुतार, दिवेवाले बाजूला सरले; कोणी नजर दिली नाही. फाटकावरचा रखवालदार त्याच्या पायांशी पचकन थुंकला. तो उन्हात उभा राहिला, मागे कान देऊन.

काच फुटल्याचा आवाज आला नाही.