सेवादासनं स्वतःच्या श्रद्धांजलीला जोडलेले हात

सेवादास जाऊन नऊ दिवस झाले, आणि दहाव्या दिवशी सकाळी त्यानं दहावीच्या बॅचच्या ग्रुपवर स्वतःच्याच श्रद्धांजलीला हात जोडले! ज्यानं ज्यानं जोडलेल्या हातांच्या चित्रासह 'भावपूर्ण श्रद्धांजली' टाकली होती, त्याला त्याला मेलेल्या माणसाच्या नंबरवरून तसेच हात आले. ग्रुपची बोबडीच वळली.

मानोऱ्याच्या राजपाल सरांनाही हात आले. सर म्हणजे तालुक्यातले नामांकित भूतविरोधक; शाळाशाळांतून पाण्यानं दिवा पेटवून दाखवणारे. वर्गमित्रावर सर्वांत लांब पोस्ट त्यांचीच होती: 'मित्रा, तुझ्या कुटुंबाच्या सदैव पाठीशी आहे.' पण हात उमटताच सर असे दचकले की चहा पायजम्यावर सांडला.

"काय झालं?" बायकोनं, मंजुषानं विचारलं.

"काही नाही. नेटवर्क."

तासाभरात ग्रुपमधल्याच हरिसिंग महाराजांचं निदान आलं. "आत्मा टॉवरच्या लहरीत अटकला हाये. साधा नाही, फोर-जी हाये! मोबाईल लाल कपड्यात बांधून विहिरीत सोडा लागते. मी निंगालोच सेवादासच्या तांड्यावर." वीस जणांनी अंगठे दाखवले. सरांनी दोनदा निषेध लिहिला, दोनदा पुसला. न जाणो!

मंजुषानं ते पाहिलं. "लोकायले भूत नसते म्हनता, अन् सोता काहून भेता? काढा गाडी."

तांडा सात किलोमीटरवर. अर्धीअधिक घरं कुलूपबंद, माणसं ऊसतोडीला गेलेली. अंगणात महाराज लाल फडकं पसरून उभे, आणि सेवादासची बायको चंदाबाई त्याचा मोबाईल छातीशी धरून बसलेली.

"नाही देत! याच्यात त्याह्यचा आवाज हाये. तेवढाच उरला मले."

मंजुषा तिच्याजवळ जाऊन टेकली. "वहिनी, मोबाईलवर हात कोन पाठवते?"

"मीच," चंदाबाई म्हणाली. "पोरीनं काल चार्जिंग केली. मले वाचता येत नाही. तिनं सांगतलं, बाबाच्या दोस्ताइनं हात पाठवले. बसायले आलेल्या मान्साले आपन हात जोडतो ना? मंग मीबी एकेकाले जोडले. घरी तं कोनीच आलं नाही."

"आत्मा शांत झाला," असं पुटपुटत महाराजांनी फडकं पिशवीत कोंबलं आणि काढता पाय घेतला. सरांना मात्र कुठं तोंड लपवावं कळेना. भुताच्या भीतीनं का होईना, मित्राच्या घरी ते आज पहिल्यांदा आले होते.

ओसरीवर बसूनच त्यांनी ग्रुपवर लिहिलं: 'हात वहिनींनी जोडले. चमत्कार दिसला की आधी विचारावं, हे केलं कोणी? आपण एवढ्या शहाण्यांनी विचारलं नाही, त्यात मी पहिला. या पोस्टला अंगठा दाखवू नका. सेवादासच्या घरी बसायला या.'