बदलीचा अर्ज

"कारण काय लिहू?" जयरामने पेनाचं टोपण काढत विचारलं.

"घरगुती अडचण," सुला म्हणाली.

त्याने तेच लिहिलं. कचेरीतला साधा कारकून, पण अक्षर असं की साहेबही घरच्या लग्नपत्रिकांवरचे पत्ते त्याच्याकडून लिहून घेत. बायकोच्या मास्तरकीचे सगळे अर्ज बावीस वर्षं तोच लिहीत आला होता. आता हा बदलीचा, नाशिकजवळच्या शाळेतून थेट पिंपळगाव बसवंतला.

तिथे भिमाजी गुरुजी होते, हे त्याला पक्कं ठाऊक होतं. गुरुजी विधुर, पूर्वी सुलाच्याच शाळेत. "बाई, आज आवाज बसलाय तुमचा," असं एकदा त्यांनी सहज म्हटलं आणि सुला दिवसभर हवेत होती. बेचाळिसाव्या वर्षी! पण घरात विचारणारं होतं कोण? लेक सासरी गेल्यापासून जयरामच्या तोंडून 'चहा' आणि 'दार लाव' यापलीकडे शब्द फुटत नव्हता. दिवाळीच्या सुट्टीत गुरुजी सरळच म्हणाले, "इकडं या. माझ्यापाशी राहा."

सोबत पतीची संमती जोडलेली बरी, असं हेडमास्तरांनी सांगितलं होतं. जयरामने दुसरा कागद ओढला. 'माझी हरकत नाही.' खाली सही.

एकदा, फक्त एकदा 'जाऊ नको' म्हणा, असं सुलाला ओरडावंसं वाटलं. त्याने शाई वाळू दिली आणि कागद तिच्या हातात दिले.

दुसऱ्या दिवशी ती पंचायत समितीच्या खिडकीपर्यंत गेली. आतून हात पुढे आला. ती सही काही तिच्याने पुढे करवेना. रांग सोडून ती घरी आली.

जयराम परात घेऊन बसला होता. बाजरीच्या पिठाने हात कोपरापर्यंत माखलेले.

"हे काय चाललंय?"

"शिकून ठेवतो म्हटलं. पुढं लागेल."

तिला भडभडून आलं. थांब म्हणायला जीभ रेटत नाही, आणि भाकरी थापायला निघालेत!

"पाणी कडकडीत घ्या. मोडते नाहीतर."

"किती दिवस लागतील जमायला?"

"वर्ष-दोन वर्षं," ती म्हणाली. "तोवर आहे मी."

त्याने मान वर केली. ओठ हलले. सुलाने जीव कानांत आणून वाट पाहिली.

"बरं," तो म्हणाला आणि पुन्हा पीठ मळू लागला.

सुलाने पदराने डोळे पुसले आणि स्टोव्हवर पाणी ठेवलं.