शिन्याचं लग्न

"फोटोत हा सतरा वर्षांचा आहे," तोकिएबाई म्हणाल्या. "तुम्हाला नवरदेव हवाय पस्तिशीचा. मधला चेहरा मी कुठून आणू?"

मिसाओने नवऱ्याकडे पाहिलं. कुनिजी खिडकीबाहेर, बर्फाने वाकलेल्या चेरीच्या फांद्यांकडे बघत बसला होता.

त्यांचा शिन्या मोटारसायकल घसरून गेला, त्याला आता अठरा वर्षं झाली होती. तेव्हापासून कुनिजीने घरात त्याचं नाव काढलं नव्हतं. बागेत राबायचं, जेवायचं, झोपायचं. या हिवाळ्यात मात्र मुलगा मिसाओच्या स्वप्नात येऊ लागला. दारात उभा राही, आत येत नसे. "सोबत कुणी नाही गं," एवढंच म्हणे.

लग्नाआधी गेलेल्या मुलांची लग्नं जपानच्या त्या भागात चित्रात लावतात. चित्र देवळात टांगलं की पोर तिकडे एकटं राहत नाही, असं म्हणतात. दुकानांच्या पाट्या रंगवून पोट भरणाऱ्या तोकिएबाई अशी चित्रंही काढत.

"नवरी मात्र मी मनानंच काढणार हं," त्यांनी बजावलं. "जिवंत मुलीचा चेहरा चालत नाही."

"जरा अंगानं भरलेली काढा," मिसाओ म्हणाली. "फार देखणी नको. त्याला बोलायला लाज वाटेल."

तोकिएबाई हसल्या. मग कुनिजीला म्हणाल्या, "काका, तुम्ही असे उजेडात बसा. या वयात मुलगे बापासारखे दिसायला लागतात."

"माझ्यावर गेला नव्हता तो," कुनिजी पुटपुटला. पण उठून उजेडात जाऊन बसला.

पेन्सिल चालू लागली. बाई एकदा फोटोकडे बघत, एकदा त्याच्याकडे.

"डावी भुवई मध्ये तुटलेली होती त्याची," कुनिजी एकदम म्हणाला. "फोटोत दिसत नाही. चेरी तोडताना शिडीवरून पडला होता."

चहा ओतता ओतता मिसाओ थांबली.

"टाके घालताना रडला नाही. येताना नूडल्स हव्यात म्हणाला. दोन वाडगे संपवले."

"तीन," मिसाओ म्हणाली. "माझाही त्यानंच खाल्ला."

"हो का? मला नाही कळलं."

"तुम्ही बिल द्यायला उठला होतात."

कुनिजी हसला. मग शिन्याला पहाटे उठवताना किती हाका माराव्या लागायच्या, ते सांगू लागला. रेखाटन केव्हाच पुरं झालं होतं. तोकिएबाई कागदाच्या कोपऱ्यात उगाच पेन्सिल फिरवत राहिल्या.

बर्फ वितळल्यावर चित्र देवळात लागलं. पुजाऱ्याचे मंत्र संपले. काळ्या किमोनोतल्या मुलाकडे मिसाओने पोटभर पाहिलं. "अंगानं भरलाय," म्हणाली आणि डोळे पुसत पायरीवर बूट घालायला गेली.

कुनिजी मागे रेंगाळला. तोकिएबाईंना वाटलं, मुलाला बघतोय. पण तो नवरीसमोर उभा होता. त्याने टोपी काढली आणि कमरेत खोल वाकला.

"पोर आळशी आहे आमचं," तो हळूच म्हणाला. "सांभाळून घे, सूनबाई."