दादाच्या डोक्यावरचं हेल्मेट

मी हेल्मेट. पिवळं, कडक, पाडकामावरचं. मार खाणं हा माझा धंदा, बोलणं नव्हे. पण आता मला कोणी डोक्यावर घेत नाही, एका खोलीत पडून आहे, म्हणून बोलतो. ऐकायचं तर ऐका.

कारखान्यात गरम लगदा साच्यात दाबला आणि मी झालो. जन्मल्या जन्मल्या आमची परीक्षा झाली ती मारूनच. आमच्यातल्या एकाला उचललं आणि त्याच्यावर उंचावरून लोखंडी गोळा सोडला. तो तडकला नाही, म्हणून आम्ही सगळे पास. आमच्यात असंच असतं, एकाने घाव सोसायचा आणि बाकीच्यांवर शिक्का बसायचा.

मुकादमाने आम्हाला गोणीतून जमिनीवर ओतलं तेव्हा एका दांडग्या हाताने मला उचललं, बोटाने टकटक वाजवून बघितलं, आणि डोक्यावर घालून पट्टी आवळली. तो दादा. खरं तर तो फक्त धाकट्याचा दादा होता. दोघे भाऊ एकाच टोळीत. धाकटा दिवसभर 'दादा, दादा' करायचा, म्हणून मग सगळेच त्याला दादा म्हणू लागले. मुकादमसुद्धा, बापाच्या वयाचा असून.

पाडकाम म्हणजे मारामारीच. समोर माणूस नसतो, भिंत असते, एवढाच फरक. दादा घण उचलायचा आणि पहिल्या घावात गिलावा उडायचा, दुसऱ्यात वीट हलायची, तिसऱ्यात भिंत कण्हायची. वरून काय काय यायचं. विटांचे तुकडे, चुन्याची ढेकळं, एकदा तर सळईचं टोक सरळ माझ्या कपाळावर. मी सगळं अंगावर घेतलं. त्या डोक्याला मी एक ओरखडा येऊ दिला नाही.

ते डोकं मला आतून ठाऊक होतं. गरम असायचं. घण उचलताना कानावरच्या शिरा ताठ व्हायच्या. आणि दरवर्षी माझ्या पट्टीखाली केस कमी होत गेले. तिशी गाठायच्या आत पुढचा भाग उघडा पडला, मग माथा. घामाला अडवायला काही उरलं नाही, तो थेट डोळ्यात जाऊ लागला.

जेवणाच्या सुट्टीत टोळीला तेवढाच विषय.

"दादा, जरा इकडे वळ, दाढी करायची आहे."

"दादा, हेल्मेट काढू नको रे. वरून विमान जातंय, चालवणाऱ्याचे डोळे दिपतील."

दादाही सोडायचा नाही. "तुझ्या डोक्यावर दाट आहेत कारण आत काही नाही. पडीक जागेत गवत माजतंच."

सगळे हसायचे. दादाही हसायचा. पण मग तो मला लवकर डोक्यावर घालायचा, जेवण संपायच्या आधीच.

त्याला टकलाची लाज नव्हती. कारण वेगळं होतं. ते मी भावाभावांच्या बोलण्यातून ऐकलं.

त्यांचा बाप पट्ट्याने मारायचा. आधी आईला, मग मध्ये पडेल त्याला. मध्ये दादाच पडायचा. धाकटा तेव्हा एवढासा, तो पलंगाखाली शिरायचा. त्याला ओढून काढायला बाप वाकला की धाकट्याला आधी टक्कल दिसायचं. पुढून मागेपर्यंत तुळतुळीत, आणि रागाने लाल. बाप मेला तेव्हा त्या घरात कोणी रडलं नाही. आईने पट्टा चुलीत घातला आणि दार उघडून धूर जाऊ दिला.

एका संध्याकाळी दादा कामावरून घरी आला. मी त्याच्या काखेत. दारात तो उभा, मागून उजेड. आई खाली बसून भांडी पुसत होती. तिने वर बघितलं आणि दोन्ही हात डोक्यावर घेतले. हातातलं पातेलं गडगडत गेलं.

"आई, मी आहे."

"हो रे. उजेड होता मागे," आई म्हणाली. तिचे हात मात्र लगेच खाली आले नाहीत.

दादा जेवला नाही. त्याने भिंतीवरचा आरसा काढला आणि उंबऱ्यावर आपटून त्याचा चुरा केला. मग त्या काचा गोळा करत, बोटं रक्ताने भरलेली, धाकट्याला म्हणाला, "मला हे डोकं नको. त्याचं आहे ते."

म्हणून ते केस लावणाऱ्या डॉक्टरकडे गेले. कामावरून सरळ, अंगावर धूळ, मी दादाच्या मांडीवर. डॉक्टरीणबाई पन्नाशीच्या, बोलायला तिखट. त्यांनी दादाच्या मानेवरचे केस बाजूला सारून भिंगातून बघितलं, चिमटीत धरून ओढून बघितले. गळती किती वर्षं आहे, साखर आहे का, रक्तदाब आहे का, जखम झाली की लवकर भरते का, कुठलं औषध चालू आहे का, सगळं विचारलं.

"वडिलांना टक्कल होतं?"

"होतं."

"कुठपर्यंत?"

"मरेपर्यंत," धाकटा म्हणाला. बाई हसल्या नाहीत.

"हे बघा," त्या दादाला म्हणाल्या, "मागचे केस दाट आहेत, कातडी निरोगी आहे. पण गळती अजून थांबलेली नाही. मागचे केस म्हणजे ठेव आहे, एकदा मोडली की पुन्हा भरता येत नाही. आज ते काढून पुढे लावले आणि उद्या मधले गेले, तर पुढे झुडूप आणि मागे मैदान. आधी वर्षभर औषध घ्या."

मग त्यांनी दादाच्या मांडीवरून मला उचललं. उलटं करून आतली पट्टी बघितली.

"हे रोज घालता?"

"पाडकामावर आहे मी. नाही घातलं तर मुकादम हाकलतो."

"बरोबर करतो. केस लावल्यावर तीन-चार आठवडे हे डोक्याला लागता कामा नये. आणि हे घातल्याशिवाय तुम्ही कामावर पाऊल टाकता कामा नये. जमेल दोन्ही?"

दादाने हात पुढे करून मला परत मांडीवर घेतलं.

"जमेल तेव्हा या. तुमच्या केसांची अडचण नाही, तुमच्या कामाची आहे. आत्ता माझं उत्तर नाही असं आहे."

बाहेर आल्या आल्या धाकट्याने कचऱ्याच्या डब्याला लाथ घातली. डबा रस्त्याच्या मध्यापर्यंत गेला. "तिला काय कळतंय दादा. तिची स्वतःची वेणी बघितलीस? कमरेपर्यंत आहे. पोट भरलेल्याने उपाशी माणसाला उपासाचे फायदे सांगायचे."

"खोटं नव्हती बोलत ती."

"खरं बोलून केस येतात का? दुसरीकडे जाऊ. दुकानं काय कमी आहेत."

दुसरीकडे काचेचं दार होतं. दारात एका मुलीने मला हातात घेतलं, अंगावरची धूळ बघून नाक मुरडलं, आणि चपलांशेजारच्या टोपलीत टाकलं. आत घाण नको म्हणून. तिथून मला काचेतून सगळं दिसत होतं, पण आतल्या कोणालाही मी दिसत नव्हतो. घोळ झाला तो इथेच.

आत पांढऱ्या कोटातला माणूस होता. त्याने भिंग घेतलं नाही. दादाचा फोटो काढला, पडद्यावर त्या फोटोला केस चिकटवले आणि पडदा दादाकडे वळवला. दादा बघतच राहिला. दगडातून माणूस काढावा तसा त्याचा चेहरा बापाच्या चेहऱ्यातून सुटा झाला होता.

"आई ओळखेल," दादा एवढंच म्हणाला.

"असंच डोकं लागतं आम्हाला," कोटवाला म्हणाला. "अगदी योग्य आहात तुम्ही. उद्याच या."

काम काय करता, हे त्याने विचारलं नाही. दादानेही सांगितलं नाही. सांगितलं की 'नाही' ऐकू येतं, हे तो एकदा शिकला होता.

दुसऱ्या दिवशी मी पुन्हा टोपलीत. भिंतीपलीकडून यंत्राची गुरगुर येत होती, दुपार कलली तरी थांबेना. दादा बाहेर आला तेव्हा त्याचं कपाळ सुजून डोळ्यांवर उतरलं होतं आणि मानेवरच्या पट्टीतून रक्त झिरपत होतं. मी वर्षानुवर्षं सांभाळलेल्या डोक्याला त्यांनी एका दिवसात चाळणीसारखी भोकं पाडली होती, आणि दादा हसत होता.

"डोक्याला काही लावायचं नाही," कोटवाल्याने बजावलं. "टोपी नाही, हात नाही, पुढचा भाग उशीलाही नाही. लागलं तर मुळासकट उपटून येतील."

दादा बसून झोपू लागला. आई हळूच मागून येऊन त्या लाल टोकांकडे बघायची. "भाताचं रोप लावल्यासारखं दिसतंय," ती म्हणाली. दादाला ते फार आवडलं.

आठवडा झाला आणि मुकादम दारात. रस्त्यालगतची जुनी इमारत उतरवायची होती आणि माणसं कमी पडत होती.

"डोक्याला काय झालं रे?"

"फोड आलेत," दादा म्हणाला. खरं सांगितलं असतं तर टोळीने वर्षभर जेवणाबरोबर तेच चघळलं असतं.

"घण नको मारू. खाली उभा राहून नळीने पाणी मार, धूळ बसव. हेल्मेट तेवढं घाल."

"घालतो."

सकाळी धाकट्याचं हेल्मेट तुळईखाली सापडून फुटलं. दादाने मला उचललं, डोक्याजवळ नेलं, थांबला. मग त्याने मला धाकट्याच्या डोक्यावर बसवलं आणि पट्टी आवळली.

"आणि तू?"

"तू वर आहेस, मी खाली. वरच्याला जास्त लागतं."

पाडकामावरचं पोरही सांगेल की खालच्याला जास्त लागतं. दादाला हे माहीत होतं. धाकट्यालाही. मुकादम इमारतीच्या मागच्या अंगाला होता.

तिसऱ्या मजल्यावरचा कठडा कोणी हात न लावता सुटला. त्याची कड माझ्यावर बसली. धाकटा आडवा झाला, मी तडकलो, त्याच्या डोक्याला काही झालं नाही. बाकीचा कठडा खाली गेला. खालून आवाज आला तो विटांचाच होता. मग पाण्याची नळी दिसली, एकटीच जमिनीवर सापासारखी उसळत होती.

धाकटा कसा खाली उतरला ते मला सांगता येणार नाही. दादाच्या डोक्यावर पेरलेलं काही उरलं नव्हतं. डोकंच फारसं उरलं नव्हतं. धाकट्याने मला काढलं आणि दादाला घातलं. पट्टी आवळली. पुन्हा आवळली. लोकांनी त्याला बाजूला ओढलं तेव्हा त्याने एकाच्या मनगटाला कडकडून चावा घेतला. "सैल आहे ते," तो ओरडत होता, "सैल आहे, नीट घालू द्या."

ओढाओढीत मी सुटून त्याच्याच हातात राहिलो, आणि तिथूनच तो निघाला. अंगावर चुना, हातात मी. काचेचं दार त्याने माझ्याने फोडलं. भिंतीवरचे केसवाल्या माणसांचे फोटो फोडले. पडदा फोडला. टोपलीवाली मुलगी टेबलाखाली गेली. कोटवाला आतून आला आणि धाकट्याने त्याची गचांडी धरून त्याला भिंतीला टेकवलं.

"माझा भाऊ मेला."

"शस्त्रक्रिया व्यवस्थित झाली होती. मी स्वतः बघितलंय."

"कठडा पडला डोक्यावर. हेल्मेट नव्हतं."

कोटवाल्याचा श्वास मोकळा झाला. "मग त्यात आमचा काय दोष? उलट त्याने आमचं ऐकलं. काही लावू नका म्हटलं होतं, त्याने लावलं नाही."

"काम काय करतो विचारलंत का?"

"ते विचारणं आमचं काम नाही."

धाकट्याने मला त्याच्या तोंडावर हाणलं. एकदा, आणि तो खाली पडल्यावर आणखी दोनदा. मी आयुष्यभर मार अडवला होता. मार देताना अंगातून कशी कळ जाते ते मला तेव्हा समजलं. माझी चीर कपाळापासून मागेपर्यंत गेली आणि तिच्यात त्या माणसाच्या दाताचा तुकडा अडकला.

आतल्या खुर्चीवर एक गिऱ्हाईक बसलेलं होतं. तरुण पोरगा, कपाळावर जांभळ्या शाईने रेघ ओढलेली. उठून पळायचं त्याला सुचलं नव्हतं. धाकटा धापा टाकत त्याच्यासमोर उभा राहिला.

"काम काय करतोस?"

"बेकरीत. भट्टीसमोर."

"महिनाभर भट्टीपासून लांब राहशील?"

"मालक ठेवणार नाही."

"मग ऊठ."

पोरगा उठला. थुंकी लावून अंगठ्याने रेघ पुसत काचांवरून बाहेर गेला. रेघ पुसली नाही, कपाळभर पसरली. धाकटा त्याच्या खुर्चीवर बसला आणि पोलीस येईपर्यंत बसून राहिला.

आता मी चौकीच्या मागच्या खोलीत असतो. माझ्यावर दोघांचं रक्त आहे, आणि वाळल्यावर ते वेगळं ओळखू येत नाही. कोटवाला जगला. धाकटा आत आहे. चूक कोणाची, हे कोर्टात ठरेल म्हणतात. मला कोणी विचारणार नाही. मी तुम्हाला सांगतो.

केस हवेसे वाटणं हा गुन्हा नाही. दादाला आईसमोर ताठ मानेने उभं राहायचं होतं. लावा केस. पण त्याआधी जो तुमच्या डोक्याला सुई लावणार आहे, त्याला तुमचं पूर्ण जगणं दाखवा. रोज कशाखाली उभे राहता, डोक्यावर काय घालता, सुट्टी मिळते की नाही. तो नुसतं डोकंच बघत असेल तर तिथून उठा. आणि कोणी तुम्हाला नीट बघून 'आत्ता नाही' म्हणालं, तर चिडून शेजारचं दार ठोठावू नका. नाही म्हणणारं माणूस शोधून सापडत नाही.

काल आई आली होती. तिने मला मागितलं.

"मावशी, खटला संपेपर्यंत नाही देता येत," हवालदार म्हणाला. "आणि तडकलंय ते. आता काय कामाचं."

"हे नकोय मला. माप पाहिजे. धाकटा सुटला की लगेच कामावर जाईल, थांबायचा नाही. नवं घेऊन ठेवते."

हवालदाराने मला तिच्यापुढे ठेवलं. तिने आत हात घातला आणि आवळलेल्या पट्टीवरून बोटं गोल फिरवली, एकदा, मग पुन्हा, सावकाश.

"हे थोरल्याचं माप आहे," ती म्हणाली. "धाकट्याला पट्टी एक घर सैल लागेल."